शिनोबु हाशिमोतोंच्या मागावर: हिमेजी ते आओमोरी, नऊ दिवसांचा प्रवास

‘राशोमोन’, ‘इकिरु’ आणि ‘सेव्हन समुराई’ हे चित्रपट आपल्याकडे दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या खात्यावर जमा होतात, आणि ते चूकही नाही. पण तिन्हींचा पहिला मसुदा एकाच माणसाच्या हातचा होता: शिनोबु हाशिमोतो. जन्म 18 एप्रिल 1918, ह्योगो प्रांतातल्या त्सुरुई गावी. मृत्यू 19 जुलै 2018, तोक्योत. शंभरी पार केलेल्या या पटकथाकाराने 1973 मध्ये स्वतःची निर्मितीसंस्था काढली, दोन प्रचंड यशस्वी चित्रपट दिले आणि तिसऱ्यात सपशेल आपटी खाल्ली. हा सगळा पट नकाशावर मांडला की पश्चिम होन्शूपासून पार उत्तर टोकापर्यंत एक बरीच वेडीवाकडी रेघ तयार होते. ती नऊ दिवसांत कशी पुरी करायची, त्याचा हा वृत्तांत.

आधी व्यवहाराचं. दिवस ऑक्टोबरच्या उत्तरार्धातले धरा. हिवाळ्यात शिमानेच्या डोंगरातली किसुकी लाइन बर्फामुळे पुढच्या टप्प्यात बंद पडते, नोव्हेंबरच्या मध्यापासून क्योतोत लाल पानं पाहणाऱ्यांची झुंबड उडते, आणि आओमोरीत त्याच सुमारास डोंगरी बसगाड्या कमी होतात. सात दिवसांचा साधा जेआर पास (जपान रेल्वेचा पर्यटक पास) ऑक्टोबर 2023 मध्ये 50,000 येनचा झाला. तो तिसऱ्या दिवसापासून सुरू करा, म्हणजे महागडे टप्पे (ओकायामा–शिमाने, क्योतो–तोक्यो, तोक्यो–आओमोरी आणि परत) त्यात बसतात. पहिल्या दोन दिवसांची तिकिटं सुटी काढलेली परवडतात. पासवर ‘नोझोमी’ आणि ‘मिझुहो’ या बुलेट गाड्यांना जादा पैसे पडतात. ‘हिकारी’, ‘साकुरा’, ‘कोदामा’ चालतात. रोख रक्कम जवळ हवीच, खेड्यातल्या बसमध्ये कार्डाचा भरवसा नाही. आणि निघण्यापूर्वी चित्रपट पाहून जा. या वाटेवर पाट्या फार कमी आहेत. डोक्यात दृश्यं नसतील तर निम्मी ठिकाणं नुसती शेतं आणि स्टेशनं वाटतील.

पहिला दिवस: हिमेजी, त्सुरुई, इचिकावा

हिमेजीहून उत्तरेला बानतान लाइन जाते. हिमेजीत किल्ल्याकडे जाणारा लोंढा उत्तरेच्या दारातून बाहेर पडतो. आपण स्टेशनातच राहून बानतानचा फलाट गाठायचा. साधारण तासाला एक लोकल. तेरामाएपर्यंत विजेची गाडी, तिथून पुढे डिझेल. अमाजी आणि त्सुरुई ही इचिकावा गावाच्या हद्दीतली दोन स्टेशनं.

हा पाऊण तासाचा रेल्वेप्रवास बघण्यासारखा आहे तो एका कारणासाठी. क्षयरोगातून उठल्यावर हाशिमोतो हिमेजीतल्या एका कारखान्यात हिशेबनिसाची नोकरी करत. दिवसा हिशेब, घरी संसार. लिहायला वेळ उरायचा तो फक्त गाडीत. जाता-येता मांडीवर कागद ठेवून ते पटकथा लिहीत. गाडी नदीकाठाने जाते, भातशेती, मधूनच डोंगर जवळ येतो. आजच्या डब्यात लांबलचक बाक आहेत आणि गाडी बऱ्यापैकी हलते. पेन्सिलीने सलग ओळ लिहून पाहा, कामाची कल्पना येईल.

अमाजीला उतरून गावाच्या सांस्कृतिक केंद्राकडे चालत जाता येतं. हाशिमोतो स्मारक दालन तिथेच आहे: छापील पटकथा, हस्तलिखितं, पोस्टरं, छायाचित्रं. दालन छोटं आहे आणि माहिती जपानीत आहे, तेव्हा फोनमधलं भाषांतराचं ॲप आधीच उतरवून ठेवा. केंद्राच्या सुट्टीचा दिवस आदल्या दिवशी तपासा. गावात वेळ घालवायला दुसरं काही नाही. (इचिकावाची दुसरी ख्याती गोल्फच्या लोखंडी स्टिकांची. जपानी बनावटीच्या आयर्नची सुरुवात इथली, असं गाव अभिमानाने सांगतं.)

दालनात एका नात्याचा धागा नीट शोधा: मानसाकु इतामी. दिग्दर्शक-पटकथाकार, त्या वेळी स्वतःही क्षयाने अंथरुणाला खिळलेले. हाशिमोतोंनी आपली पहिली पटकथा त्यांना टपालाने पाठवली, इतामींनी दोष दाखवणारं उत्तर लिहिलं, आणि गुरू-शिष्य अशी जोडी जमली ती बहुतेक टपालावरच. दुसऱ्याच्या कथेवर पटकथा लिहिताना काय महत्त्वाचं, असं इतामींनी एकदा विचारलं. हाशिमोतोंनी उत्तर दिलं ते खाटकाच्या भाषेत: मूळ कथा म्हणजे कुंपणातली गाय, रोज जाऊन तिला सगळ्या बाजूंनी बघायचं, मर्मस्थान सापडलं की एका घावात आडवी करायची; आपल्याला हवं असतं ते फक्त रक्त, गाय नव्हे. आपल्याकडे ही उपमा घशाखाली उतरायला जड जाईल, पण पुढचे आठ दिवस तीच कामाला येते. प्रत्येक ठिकाणी एकच प्रश्न विचारायचा: याने काय घेतलं आणि काय टाकलं?

मुक्काम हिमेजीलाच.

दुसरा दिवस: ओकायामा आणि नागाशिमा बेट

1938 मध्ये सैन्यात भरती, लगेच क्षयाचं निदान, आणि मग ओकायामा प्रांतातल्या जखमी-आजारी सैनिकांच्या आरोग्यधामात काही वर्षं. तिथे शेजारच्या खाटेवरच्या रुग्णाने चित्रपटाचं एक मासिक वाचायला दिलं. त्यात छापलेली पटकथा वाचून हाशिमोतोंना वाटलं, एवढंच असेल तर मीही लिहीन. जपानमधला सर्वांत मोठा पटकथाकार कोण, असं त्यांनी विचारलं, उत्तर आलं इतामी. आरोग्यधाम हायाशिमा स्टेशनच्या परिसरात होतं. आज तिथे चालतं रुग्णालय आहे. पर्यटकाने आत जाण्याचं कारण नाही. सेतो-ओहाशी लाइनच्या गाडीतून परिसर दिसतो तेवढा पुरे.

दिवस राखून ठेवायचा तो नागाशिमा आइसेइएनसाठी. कुष्ठरोग्यांसाठी सरकारने 1930 मध्ये उघडलेली ही पहिली राष्ट्रीय वसाहत. संबंध हाशिमोतोंच्या ‘सुना नो उत्सुवा’ या 1974 च्या चित्रपटाशी. सेइचो मात्सुमोतोंच्या मूळ कादंबरीत कुष्ठरोगी बापाला ओकायामाच्याच एका (काल्पनिक) वसाहतीत पाठवलेलं आहे. वसाहतीत काय असतं हे पाहिल्याशिवाय त्या चित्रपटाचा शेवटचा तास अर्धाच कळतो.

जायचं कसं: ओकायामाहून आको लाइनने ओकु स्टेशन, तिथून बस. बसच्या फेऱ्या दिवसातून मोजक्या आहेत. जाण्याची नव्हे, परतीची बस आधी बघा आणि त्यानुसार सकाळची ठरवा. बस चुकली तर टॅक्सी बोलावून बराच वेळ थांबावं लागतं. इतिहास संग्रहालय जुन्या प्रशासकीय इमारतीत आहे, त्यासाठी आगाऊ नोंदणी करावी लागते.

बेट आणि किनारा यांमधलं पाणी सर्वांत अरुंद जागी जेमतेम 30 मीटर आहे. तरी पूल झाला तो 1988 मध्ये. आवारात फिरताना क्रम असा ठेवा: आधी नव्या रुग्णांना उतरवून घेत ती इमारत, जिथे अंगावरच्या वस्तू काढून घेऊन क्रेसॉल या जंतुनाशकाच्या पाण्यात बुडवत, मग पळू पाहणाऱ्यांना डांबायची कोठडी, शेवटी अस्थिगृह. घरच्यांनी अस्थीही नेल्या नाहीत, त्या लोकांच्या अस्थी तिथे आहेत. कुष्ठरोग प्रतिबंधक कायदा रद्द झाला 1996 मध्ये. वसाहतीत अजूनही वयोवृद्ध रहिवासी राहतात, तेव्हा घरांचे आणि माणसांचे फोटो काढायचे नाहीत. आनंदवन पाहिलेल्या मराठी माणसाला इथला फरक चटकन जाणवेल: तिथे रोग्यांनी गाव उभं केलं, इथे गावापासून रोगी तोडले गेले.

तिसरा दिवस: कामेदाके

सकाळी ओकायामाहून ‘याकुमो’ एक्सप्रेस. 2024 पासून तिच्यात सगळी आसनं आरक्षित आहेत, म्हणून पास असला तरी आदल्या रात्री खिडकीवरून आसन घ्या. गाडी डोंगरातून वळणं घेत जाते. गाडी लागणाऱ्यांनी नाश्ता बेताचा करावा. शिंजीला उतरून किसुकी लाइन.

ही लाइन शिंजीपासून बिंगो-ओचिआइपर्यंत 81.9 किलोमीटरची आहे. एकच डबा, चालक हाच कंडक्टर. मागच्या दाराने चढून आकड्याची चिठ्ठी घ्यायची, उतरताना पुढच्या दाराशी पैसे किंवा पास दाखवायचा. शहरातलं रेल्वे कार्ड इथे चालत नाही. दिवसाच्या गाड्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. वेळापत्रकाचा फोटो काढून ठेवा आणि उलट मोजत बेत आखा.

आता गंमत अशी, की ‘सुना नो उत्सुवा’तलं कामेदाके स्टेशन पाहायचं तर कामेदाकेला उतरून उपयोग नाही. चित्रीकरणाच्या वेळी खऱ्या स्टेशनाच्या इमारतीत सोबाचं (कुट्टूच्या शेवयांचं) दुकान थाटलेलं होतं, जुन्या काळाच्या दृश्यात ते खपलं नसतं. म्हणून स्टेशनाची इमारत घेतली इझुमो-याशिरोची आणि फलाट घेतला याकावाचा. शिंजीकडून येताना क्रम असा: इझुमो-याशिरो, इझुमो-मिनारी, कामेदाके, इझुमो-योकोता, याकावा. याशिरोला गाडी क्षणभर थांबते तेव्हा इमारतीच्या बाजूच्या खिडकीशी बसलेलं बरं. उतरलात तर पुढची गाडी यायला काही तास लागू शकतात.

कामेदाके स्टेशनातलं सोबाचं दुकान अजून चालू आहे. वारिगो सोबा मागवा: लाखेच्या तीन गोल ताटल्या एकावर एक रचून येतात. वरच्या ताटलीत कांदापात, किसलेला मुळा वगैरे घालून त्सुयू (खारट सार) थेट वर ओतायचा, खाऊन झालं की उरलेला रस खालच्या ताटलीत उलटायचा. पहिल्याच ताटलीत सगळा त्सुयू ओतला की ती खारट होते आणि तिसरी कोरडी राहते. कुट्टू टरफलासकट दळल्यामुळे शेवया काळपट आणि खरखरीत असतात. शाकाहारी मंडळींनी ध्यानात ठेवावं: त्सुयूमध्ये सुक्या माशाचा अर्क असतोच. तो बाजूला ठेवून नुसता मुळा आणि मीठ लावून खाता येतं, पण सोबत दशम्या असलेल्या बऱ्या.

स्टेशन आणि कामेदाके गाव यांत सुमारे चार किलोमीटरचं अंतर आहे. गावात युनो देवळाच्या वाटेवर कादंबरीच्या स्मरणार्थ उभारलेली शिळा आहे, अक्षर मात्सुमोतोंचं. कादंबरीत खुनाच्या तपासाला ‘कामेदा’ एवढाच शब्द मिळतो, आणि बोलण्याची धाटणी उत्तरेकडची असल्याने पोलीस आधी आकिता प्रांतात जाऊन हात हलवत परततात. तसंच अनुनासिक बोलणं शिमानेच्या या खोऱ्यातही आहे हे नंतर कळतं. सोबाच्या दुकानात म्हातारी माणसं आपसात बोलत असतील तर कान द्या.

हाशिमोतोंचा घाव कुठे पडला, हे इथे उभं राहून सांगणं सोपं आहे. (चित्रपट पाहिला नसेल तर हा आणि पुढचा परिच्छेद गाळा.) कादंबरी जाडजूड आहे. खुनाच्या साधनांत ध्वनिलहरींचं यंत्र आहे, गुन्हेगार आधुनिकतावादी संगीतकार आहे, तरुण विचारवंतांचं एक टोळकं आहे. यातलं बहुतेक सगळं पटकथेतून उडालं. उरल्या त्या कादंबरीतल्या जेमतेम काही ओळी: घरातून हाकललेला रोगी बाप आणि लहान मुलगा भीक मागत गावोगाव फिरले, कुठून कसे गेले ते त्या दोघांनाच ठाऊक. हाशिमोतो आणि सहलेखक योजी यामादा यांनी याच ओळी ताणून चित्रपटाचा शेवट केला. दुसरा बदल तितकाच मोठा. कादंबरीत बाप मेलेला आहे. चित्रपटात तो वसाहतीत जिवंत आहे आणि मुलाची वाट पाहतो आहे. त्यामुळे कामेदाकेचा माजी पोलीस मिकी त्या मुलाला ‘बापाला भेट’ म्हणून खनपटीला बसतो, आणि खुनाला कारण मिळतं. डिटेक्टिव्ह म्हाताऱ्याला फोटो दाखवतो तेव्हा तो हमसून रडत अशा माणसाला आपण ओळखत नाही म्हणतो. ते दृश्य कादंबरीत असणं शक्यच नाही.

शेवटच्या साधारण चाळीस मिनिटांत तीन गोष्टी एकत्र चालतात: पोलीस बैठकीतलं निवेदन, रंगमंचावरची पियानो मैफल, आणि बाप-लेकाची चारी ऋतूंतली पायपीट. ही रचना बुनराकू बाहुलीनाट्यावर बेतलेली, असं हाशिमोतो सांगत: एकीकडे कथन करणारा, एकीकडे शामिसेन हे तंतुवाद्य, मध्ये बाहुल्या. मैफलीतली रचना मित्सुआकी कान्नो यांची, संगीताची देखरेख यासुशी आकुतागावा यांची. हे यासुशी म्हणजे ‘राशोमोन’ ज्यांच्या कथांवर बेतला त्या र्युनोसुके आकुतागावांचे चिरंजीव.

पायपिटीसाठी चार ऋतू खरोखर गाठावे लागले: त्सुगारूचा हिवाळी समुद्र, नागानोतला जर्दाळूचा बहर, मग उन्हाळा, मग पानगळ. छोट्या चमूने महिनोन् महिने गावोगाव हिंडायचं, असा हिशेब कुठल्या स्टुडिओला परवडणार? पटकथा 1960 च्या सुमारासच लिहून झाली होती. शोचिकु या चित्रपट कंपनीने ती बासनात गुंडाळून ठेवली. म्हणून हाशिमोतोंनी 1973 मध्ये दिग्दर्शक योशितारो नोमुरा, शिरो मोरितानी वगैरेंना घेऊन हाशिमोतो प्रॉडक्शन्स काढली आणि शोचिकुबरोबर भागीदारीत चित्रपट केला. ऑक्टोबर 1974 मध्ये तो झळकला. रुग्णांच्या संघटनेने आधी हरकत घेतली होती. शेवटी रोग आता बरा होतो असं सांगणारी पाटी चित्रपटात आली. हाशिमोतो निर्माते झाले ते हौसेने नव्हे. अडून राहिलेल्या पटकथेने त्यांना निर्माता केलं, असं आमचं मत.

मुक्काम कामेदाके किंवा योकोतात. खोल्या कमी आहेत, आधी सांगून ठेवा.

चौथा दिवस: योकोता, याकावा, आणि लांबचा परतीचा प्रवास

इझुमो-योकोताचं स्टेशन देवळाच्या धर्तीचं, दारावर गवताचा जाड दोर. या भागाचे दोन धंदे कथेशी जोडलेले आहेत. एक म्हणजे हिशेबाची मणिचौकट, जपानी सोरोबान. कादंबरीत कामेदाकेची माहिती देणारा म्हातारा याच धंद्यातला. दुसरा लोखंडाचा. वाळूतलं लोह कोळशाच्या भट्टीत वितळवून तलवारीचं पोलाद काढण्याची तातारा पद्धत इथे 1977 पासून पुन्हा सुरू आहे. भट्टी फक्त हिवाळ्यात पेटते, पण तातारा व तलवार संग्रहालयात तिचा छेद दाखवला आहे. हाशिमोतोंनीच लिहिलेल्या ‘सेप्पुकु’ (1962) मध्ये पोटासाठी पाती विकून म्यानात बांबू बाळगणारा रोनिन (धन्याविना उरलेला समुराई) आहे. त्या पात्यात काय मोल अडकलेलं असतं, ते इथलं ओबडधोबड पोलाद पाहिल्यावर कळतं.

याकावाला उतरून फलाट पाहा, पुढची गाडी सोयीची असेल तरच. तिथून परत शिंजी, ओकायामा, आणि शिंकान्सेनने (बुलेट ट्रेनने) क्योतो. दिवस गाड्यांतच जातो. जेवणाचे डबे ओकायामाला घ्या, शिंजीत फारसं काही मिळत नाही.

पाचवा दिवस: क्योतो

‘राशोमोन’ला नाव देणाऱ्या राजोमोन दरवाज्याची मूळ जागा कुजो रस्त्यावर तोजी देवळाच्या पश्चिमेला आहे. घरांच्या आड एक छोटं क्रीडांगण, त्यात कुंपणात दगडी खांब. बस्स. दहाव्या शतकात पडलेला दरवाजा पुन्हा उभारला गेलाच नाही. आकार समजून घ्यायचा तर क्योतो स्टेशनच्या उत्तर चौकात एक दशांश मापाची प्रतिकृती आहे, ती आधी बघा.

चित्रपटाचा दरवाजा दाइएइ कंपनीच्या क्योतो स्टुडिओत बांधला: साधारण 33 मीटर रुंद, 22 मीटर खोल, 20 मीटर उंच, 18 अवजड खांब, आणि वर्षाचा शिक्का मारलेली 4,000 कौलं. छप्पर अर्धं मोडकं दिसतं त्यात कलात्मकता कमी आणि नाइलाज जास्त. पुरं छप्पर त्या खांबांना पेललं नसतं. करड्या आकाशापुढे पाऊस दिसेना म्हणून पाण्यात काळी शाई मिसळली.

स्टुडिओची जागा पाहायला रानदेन ट्रामने काताबिरा-नो-त्सुजीला उतरा. तिथून उझुमासा-कोर्युजीपर्यंतची दुकानांची गल्ली म्हणजे दाइएइ-दोरी. एका सुपरमार्केटपुढे दाइमाजिनचा (दाइएइच्या चित्रपटांतल्या अजस्र देवमूर्तीचा) पुतळा उभा आहे. कंपनी 1971 मध्ये बुडाली, आता नाव उरलंय ते रस्त्याला. ‘सेप्पुकु’ झाला तो शोचिकु स्टुडिओही याच उझुमासात.

‘राशोमोन’मधल्या जंगलाचे दोन भाग आहेत. एक नारामागचं कासुगायामा अरण्य: 841 पासून तिथे शिकार आणि वृक्षतोड बंद आहे. दुसरं नागाओकाक्योतल्या कोम्योजी देवळाजवळचं. एका दिवसात दोन्ही नको. कोम्योजी क्योतोहून जवळ पडतं. रान इतकं गर्द, की छायाचित्रकार काझुओ मियागावांनी नेहमीच्या परावर्तकांऐवजी चक्क आरसे लावून ऊन आत वळवलं. नारात चमूवर झाडांवरून जळवा पडत. मुक्कामाच्या दारात मिठाचं भांडं ठेवून मान, हात, मोजे मिठाने चोळून मंडळी निघत. पावसाळ्यात कोयनेच्या रानात गेलेल्यांना हा उपाय सांगायला नको.

इथे हाशिमोतोंचा वाटा नेमका कुठला? आकुतागावांची ‘याबु नो नाका’ (1922) ही कथा त्यांनी ‘शियू’ नावाने पटकथेत आणली. इतामी 1946 मध्ये गेले; त्यांच्याकडे साठलेली हाशिमोतोंची बाडं दिग्दर्शक कियोशी साएकींमार्फत कुरोसावांपर्यंत गेली. कुरोसावा म्हणाले, छोटी आहे. तेव्हा ‘राशोमोन’ ही दुसरी कथा जोडली गेली, आणि पुढे कुरोसावांनी लाकूडतोड्याची साक्ष व शेवटचं तान्हं मूल आणलं. 1951 मध्ये व्हेनिसमध्ये सुवर्णसिंह मिळाला.

सहावा दिवस: बिवा सरोवर, मग अतामी

क्योतोहून कोसेइ लाइनने वीस मिनिटांत ओगोतो-ओन्सेन. एक धोका: हिरा डोंगरावरून वारा सुटला की ही लाइन थेट बंद ठेवतात. तसं झालं तर सरोवराच्या पूर्वेकडून बिवाको लाइनने जाता येतं, पण ओगोतो हुकतं. सकाळी स्टेशनवरचा फलक पाहूनच निघा.

1982 मध्ये तोहो या चित्रपट कंपनीच्या पन्नाशीनिमित्त काढलेला ‘माबोरोशी नो मिझुउमी’ इथला. लेखन, निर्मिती, दिग्दर्शन तिन्ही हाशिमोतोंचं. ओगोतोतल्या स्नानगृहात देहविक्रय करणारी तरुणी रोज सरोवराकाठी कुत्र्यासोबत धावते, कुत्रा मारला जातो, ती सूड घ्यायला निघते. यात सेंगोकु (जुन्या यादवी युद्धांच्या) काळातली बासरीची कथा येते, आणि शेवट जातो अंतराळात, स्पेस शटलपर्यंत. लांबी 164 मिनिटं. चित्रपट लवकरच थिएटरांतून उतरला.

कातातापर्यंत एक स्टेशन पुढे जाऊन बिवाको-ओहाशी पुलावर चाला. पूल 1964 चा, सुमारे 1.4 किलोमीटर लांब, मध्ये उंच चढलेला. शेवटची धावाधाव याच पुलावर येते. पदपथ आहे, वारा जोराचा, टोपी बॅगेत ठेवा. चढावर दम लागतो तेव्हा धावण्यातली जिद्द खरी वाटू लागते. चित्रपटातलं तेवढं दृश्य आजही पकडतं. बाकीचं बिघडलं त्याचं कारण उघड आहे. इथे गाय हाशिमोतोंची स्वतःची होती, आणि स्वतःच्या गायीवर सुरी चालवणं त्यांना जमलं नाही. सगळंच ठेवलं.

दुपारी क्योतोला परत येऊन शिंकान्सेन. अतामीला ‘हिकारी’ मोजक्याच थांबतात, बहुधा वाटेत ‘कोदामा’ पकडावी लागते. अतामी हे समुद्राकडे उतरणारं गरम झऱ्यांचं गाव. इथल्या मिनागुचिएन या ऱ्योकानमध्ये (पारंपरिक जपानी सराईत) ‘सेव्हन समुराई’ची पटकथा लिहिली गेली. त्याआधी दोन बेत फसले होते. एका समुराईचा एक दिवस लिहायचा तर त्या काळी तो दुपारचं जेवण जेवत होता का, दरबारात डबा नेत होता का, हेच हाशिमोतोंना पुराव्याने ठरवता येईना. तो विषय सोडला. नामवंत तलवारबाजांच्या कहाण्या जोडल्या तर नुसते कळसच कळस झाले, तोही सोडला. मग प्रश्न आला, भटके योद्धे पोट कसं भरत? शेतकरी जेवण घालून त्यांना राखणीला ठेवत, या उत्तरातून चित्रपट निघाला.

काम चालायचं ते असं. पहिला मसुदा हाशिमोतोंचा. मग एकाच खोलीत हाशिमोतो आणि कुरोसावा तेच दृश्य वेगवेगळं लिहीत. तिसरे लेखक हिदेओ ओगुनी काही लिहीत नसत. इंग्रजी पुस्तक वाचत पडलेले असत. कागद आले की वाचून पुढे सरकवायचे किंवा परत करायचे. परत आले की दोघांनी पुन्हा लिहायचं, दिग्दर्शक कुठला आणि नवखा कुठला हे न बघता. सकाळी ओगोतो आणि संध्याकाळी अतामी असा क्रम मुद्दाम लावला आहे: ‘माबोरोशी’च्या वेळी खोलीत ओगुनी नव्हते.

सातवा दिवस: तोक्यो

कामाता स्टेशनच्या रेल्वे यार्डाशी ‘सुना नो उत्सुवा’तला खुनाचा तपास सुरू होतो. प्रेत तिथे सापडतं. जाता-जाता गाडीतून पाहण्यापुरतं.

ओदाक्यू लाइनने सेइजोगाकुएन-माए, तिथून चालत तोहो स्टुडिओ. आत प्रवेश नाही. बाहेरून ‘सेव्हन समुराई’चं अवाढव्य भित्तिचित्र दिसतं, फाटकाशी गॉडझिला. चित्रपटातलं गाव या भागात उभारलं होतं. शेवटच्या लढाईच्या आधी बर्फ पडला, तो पाण्याने वितळवला, आणि मग पडद्यावर दिसतो तो गुडघाभर चिखल झाला. सेंगावाच्या काठाने पंधरा मिनिटं चाला. आज तिथे घरंच घरं आहेत.

दुपार क्योबाशीतल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी. चौथ्या मजल्यावरचं ग्रंथालय रविवार-सोमवारी बंद असतं, पुस्तकं चिठ्ठी देऊन मागवावी लागतात. छापील पटकथा मागा. जपानी येत नसलं तरी पानाची मांडणी पाहण्याजोगी आहे: दृश्यक्रमांक, जागा, मग उभ्या ओळींत संवाद.

आठवा दिवस: आओमोरी, कोबाता

‘हायाबुसा’ने शिन-आओमोरी, तीन तासांहून थोडं जास्त. सगळी आसनं आरक्षित. शहरात सामान टाकून बसने कोबाताला जा. अर्ध्या तासाच्या वाटेवर, ‘हाक्कोदासान’ हा हाशिमोतोंचा चित्रपट जिच्यावर निघाला त्या बर्फातल्या सैनिकी कूचीच्या दुर्घटनेचं संग्रहालय आणि दफनभूमी आहे.

23 जानेवारी 1902 रोजी आओमोरीच्या पाचव्या पायदळ रेजिमेंटचे 210 जण हिवाळी सरावासाठी हाक्कोदा डोंगराकडे निघाले. अंतर सुमारे वीस किलोमीटरचं. 199 जण मेले. दोनच दिवसांनी, 25 जानेवारीला, आसाहिकावात उणे 41.0 अंश नोंदवले गेले. जपानचा आजवरचा नीचांक याच थंडीच्या लाटेतला. हिरोसाकीहून उलट दिशेने निघालेली 38 जणांची तुकडी मात्र सुखरूप परतली. संग्रहालयात दोन्ही तुकड्यांची तयारी शेजारी ठेवून पाहा. आओमोरीवाल्यांनी वाटाड्या घेतला नाही, जड घसरगाड्या खोल बर्फातून ओढल्या, अन्न गोठून दगड झालं, घामाने भिजलेले कपडे अंगावरच गोठले. हिरोसाकीवाले थोडे होते आणि गावोगावचे वाटाडे घेत गेले. दफनभूमीत थडगी हुद्द्यानुसार आहेत: मधे अधिकारी, दोन्ही हातांना शिपाई.

नववा दिवस: हाक्कोदा

आओमोरीहून डोंगरी बसने साधारण तासाभरात रोपवे. दहा मिनिटांत तुम्ही सुमारे 1,300 मीटरवर असता. वाऱ्यात रोपवे बंद राहतो. ऑक्टोबरअखेरीलाही वर पहिला बर्फ असू शकतो, वाऱ्याला अडवणारं जॅकेट हवं. कॉर्पोरल गोतो बर्फात उभ्याने गोठलेला सापडला, त्यामुळे शोधपथकाला ठिकाण लागलं. त्याचा 1906 चा पुतळा उमातातेबाला आहे. तिकडे सोयीची बस नाही, गाडी भाड्याने घ्या. हिवाळ्यात तो रस्ता बर्फात जातो.

‘हाक्कोदासान’ (1977) हा हाशिमोतो प्रॉडक्शन्सचा दुसरा मोठा डाव. जिरो नित्तांची कादंबरी, दिग्दर्शक शिरो मोरितानी, कॅमेरा दाइसाकु किमुरा, प्रमुख भूमिकांत केन ताकाकुरा आणि किन्या किताओजी. वादळ स्टुडिओत न करता खऱ्या हाक्कोदावर, एकाहून जास्त हिवाळे खर्चून टिपलं. याची किंमतही पडद्यावर दिसते: सगळे पांढरे, सगळ्यांच्या भुवयांवर बर्फ, कोण कुठल्या तुकडीतला हे मधल्या तासात ओळखू येत नाही. 169 मिनिटांत हा दोष जड जातो. तरी त्या वर्षीच्या जपानी चित्रपटांत वितरणाच्या कमाईत तो पहिला आला, सुमारे अडीच अब्ज येन. देवाने आपल्याला टाकलं, या अर्थाचं किताओजींचं वाक्य जाहिरातीतून घरोघर गेलं. निर्माता म्हणून हाशिमोतोंना पुढे मिळालेली मोकळीक इथे कमावलेली होती, आणि ती ओगोतोत खर्ची पडली.

वेळ उरला तर सुकायू-ओन्सेन. इथल्या हवामान केंद्रात फेब्रुवारी 2013 मध्ये 566 सेंटिमीटर बर्फ मोजला गेला होता. हजार जणांचं लाकडी स्नानगृह स्त्री-पुरुष एकत्र आहे. स्त्रियांसाठी वेळ राखून ठेवलेली असते, ती दारावर वाचा. शेवटची बस दुपारीच निघून जाते, तिची वेळ उतरल्याबरोबर थांब्यावर पाहून घ्या. ती पकडली तर संध्याकाळच्या ‘हायाबुसा’ने रात्री तोक्यो गाठता येतं, आणि पासचा सातवा दिवसही त्याच रात्री संपतो.